युद्धात चेहरा गमावलेल्यांसाठी तांब्याचे मुखवटे: सेवा की झाकपाक?

आखणीवाली: मी पेणला गणपतीच्या कारखान्यात डोळ्यांची आखणी करते. ॲना कोलमन लॅड या अमेरिकन शिल्पकार बाईंबद्दल वाचलं आणि ते डोक्यातून जाईना. पहिल्या महायुद्धात चेहरा उडालेल्या सैनिकांसाठी त्यांनी 1918 मध्ये पॅरिसला मुखवटे घडवले. आधी जखमी चेहऱ्याचा प्लास्टरचा साचा, मग जुन्या फोटोवरून गेलेलं नाक, जबडा उभा करायचा. त्यावरून तांब्याचा मुखवटा, जाडी एक मिलिमीटरहूनही कमी. रंग मात्र मुखवटा त्या माणसाला घालूनच द्यायचा. ढगाळ दिवशीही चालेल, उन्हातही चालेल अशी मधली छटा, दाढी केलेल्या गालाची निळसर झाक, मिश्या खऱ्या केसांच्या. त्या निळसर झाकेपाशी मी थांबलेच. माझ्या मते ही शस्त्रक्रियेच्या तोडीची सेवा आहे.

वॉर्ड नं. ७: मला नाही पटत. जळितांच्या वॉर्डात नर्स आहे, म्हणून बोलते. तांबं हसत नाही, घास चावत नाही. माणूस म्हातारा होतो, मुखवटा तसाच राहतो. इंग्लंडमध्ये सिडकपला रस्त्यावरचे काही बाक निळे रंगवले होते, तिथे बसलेल्याचा चेहरा बघवणार नाही हे लोकांना आधीच कळावं म्हणून. मुखवटाही बघणाऱ्यांच्याच सोयीचा. खरं काम त्याच सिडकपच्या हॉस्पिटलात सर्जन हॅरॉल्ड गिलीज करत होते, माणसाचीच कातडी वापरून.

आखणीवाली: पण जिथे सर्जनने हात टेकले, तिथूनच या कारागिरांचं काम सुरू व्हायचं. त्या माणसाने घरी कोणत्या तोंडाने जायचं?

मुठेकाठी: कातडीचं म्हणाल तर ती कारागिरी आपल्याकडची. कावसजी हा इंग्रज फौजेतला मराठा बैलवाला. 1792 च्या युद्धात टिपूच्या कैदेत त्याचं नाक आणि एक हात कापला गेला. पुण्याजवळ विटा पाडणाऱ्या जातीतल्या एका कारागिराने मेणाचं नाक करून ते चपटं केलं, कपाळावर ठेवून त्या मापाची कातडी सोडवली आणि खाली वळवून नाक बसवलं. 1794 मध्ये लंडनच्या मासिकात हे छापून आलं. कावसजीचं नाव आलं, त्या कारागिराचं नाही. मला राग याचा येतो.

वॉर्ड नं. ७: हे माहीत नव्हतं. आखणीताई, तुमचा प्रश्न मात्र सुटत नाहीये. आमच्याकडची एक मुलगी वॉर्डात मोकळ्या चेहऱ्याने सगळ्यांशी गप्पा मारते, पण गेटपाशी आली की ओढणी बांधते. सोड म्हणायची माझी हिंमत होत नाही. पण ती बांधावी लागते हे मला मान्य नाही.