टक्केवारी पायाची की कमाईची?
अपघातात पाय जायबंदी झालेल्या ट्रकचालकाच्या भरपाईच्या दाव्यात, प्रमाणपत्रात ४० टक्के अपंगत्व असताना मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने २० टक्केच धरलं, हाच अपिलाचा मुख्य मुद्दा करा असं एकाने सुचवलंय. एवढ्यावर उच्च न्यायालयात निभाव लागणं कठीण. तो ४० टक्के आकडा बहुतेकदा एका पायाचा असतो, अख्ख्या शरीराचा नाही. भांडायचं ते कमाईवर झालेल्या परिणामावरून. राजकुमार विरुद्ध अजयकुमार (२०११) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हाच फरक स्पष्ट केलाय. ३२ वर्षांचा ट्रकचालक, महिन्याला १५,००० रुपये, गुणक (वर्षाच्या कमाईला ज्याने गुणतात तो वयानुसार ठरलेला आकडा) १६: २० टक्के धरले तर ५,७६,००० होतात. डाव्या पायाने क्लच दाबता येत नाही, म्हणून कमाईचं नुकसान ६० टक्के धरलं तर १७,२८,०००. शिवाय भविष्यातल्या उत्पन्नवाढीचे ४० टक्के (स्वतःचा धंदा, वय ४०च्या आत) मिळवलेत का तेही तपासा, निवाड्यात हे सुटलेलं असू शकतं. मात्र काय करता येत नाही हे सांगणारी डॉक्टरांची साक्ष खाली, न्यायाधिकरणातच झालेली हवी. नुसतं प्रमाणपत्र जोडलेलं असेल तर अपील तिथेच अडतं.

मुदत निवाड्यापासून ९० दिवस. प्रमाणित प्रत मिळायला लागलेले दिवस त्यातून वगळतात, म्हणून प्रतीचा अर्ज लगेच टाका. आणि विमा कंपनीनेच रक्कम कमी करण्यासाठी अपील केलं असेल तर कृपा करून गप्प बसू नका. नोटीस मिळाल्यापासून महिन्याभरात क्रॉस ऑब्जेक्शन (कंपनीच्या अपिलातच आपली रक्कम वाढवून मागणारा प्रतिआक्षेप) दाखल करा. तुमचं अपीलही नाही आणि हेही नाही, तर कंपनी हरली तरी तुमची रक्कम सहसा वाढत नाही.