शब्दचर्चा : 'पोशन'ला मराठीत काय म्हणावं?

माझी भाची सहावीत आहे. वहीत जादूच्या शाळेची गोष्ट लिहिते आहे. परवा तिनं विचारलं, "मावशी, तळघरात हंड्यात काहीतरी रटरटतंय, ते प्यायलं की माणूस दिसेनासा होतो. त्या पोशनला मराठीत काय म्हणू? काढा लिहिलं तर सगळ्यांना सर्दीच आठवेल."

तिचं म्हणणं पटलं, तरी काढ्याला इतक्या लवकर बाद करू नये असं मला वाटतं. शार्ङ्गधरसंहितेतली काढ्याची कृती पाहा : भरड केलेलं औषध, त्याच्या 16 पट पाणी, मातीचं भांडं, आणि आठवा हिस्सा उरेपर्यंत आटवणं. जादूच्या पोथीत शोभेल अशीच ही कृती आहे. शिवाय काढा एकटा नाही, त्याचं मोठं गणगोत आहे. ओली वनस्पती कुटून पिळली की स्वरस. वाटून गोळा केला की कल्क. पूड गरम पाण्यात टाकून गाळली की फांट. गार पाण्यात रात्रभर भिजवून सकाळी गाळलं की हिम, म्हणजे उन्हाळ्यात आपण धणे भिजवून पितो ते. धायटीची फुलं घालून आंबवलं की आसव किंवा अरिष्ट. साधारणपणे न उकळता केलेलं ते आसव आणि आधी काढा करून मग आंबवलेलं ते अरिष्ट.

'पोशन' हा शब्द मात्र मुळात एवढंच सांगतो की हे प्यायचं आहे. तो लॅटिन 'पोतिओ'वरून आला. पिणे या अर्थाचा त्याचा धातू आणि संस्कृतातला 'पा' (पिबति, पान, पेय) हे एकाच कुळातले. 'पानीय'वरून आपलं 'पाणी' आलं, म्हणजे पोशन आणि पाणी नात्यातले निघाले! त्याच 'पोतिओ'पासून फ्रेंचमार्गे इंग्रजीतला विषाचा शब्द, 'पॉयझन'ही आला. प्यायला दिलेल्या पेल्याविषयीचा जुना संशयच त्या शब्दात मुरला आहे. आपल्याकडेही "तिनं त्याला काहीतरी खायला घातलं असणार" असं म्हणताना 'काहीतरी'वर जोर पडतो तो उगीच नाही. आणि 'अरिष्ट' पाहा. दशमूलारिष्टाची बाटली बाळंतिणीच्या उशाशी असते आणि त्याच घरात "मोठं अरिष्ट टळलं" असंही म्हणतात. औषध आणि संकट एकाच शब्दात राहतात. गोष्ट लिहिणाऱ्याला याहून चांगला शब्द कुठे मिळणार?

'एलिक्झिर'चा प्रवास तर उलटाच आहे. अरबीत 'अल-इक्सीर', आणि त्यामागे ग्रीक शब्द, अर्थ जखमेवर टाकायची कोरडी पूड. पुढे किमयागारांनी तो हलक्या धातूचं सोनं करणाऱ्या पदार्थाला लावला आणि मग आयुष्य वाढवणाऱ्या द्रवाला. 'किमया'ही अरबीतूनच फारसीमार्गे आपल्याकडे आली. एलिक्झिरला सर्वांत जवळचा आपला शब्द 'रसायन'. आयुर्वेदाच्या 8 अंगांपैकी ते एक, वार्धक्य दूर ठेवणारं. च्यवनऋषींना तारुण्य देणारा च्यवनप्राश रसायनच. पण आज रसायन म्हटलं की डोळ्यांपुढे कारखान्याचं सांडपाणी येतं. याचं मला मनापासून वाईट वाटतं. अमरत्वाच्या पेयासाठी तरी हा शब्द जुन्या अर्थानं वापरावा, वाचकाला संदर्भानं बरोबर कळतो.

नामांइतकीच क्रियापदंही महत्त्वाची. इंग्रजीत एका 'ब्रू'वर भागतं, आपल्याकडे आटवणं, मुरवणं, खलणं, उगाळणं, भावना देणं आहे. 'भावना देणं' म्हणजे चूर्ण एखाद्या रसात पुन्हा पुन्हा भिजवून, घोटून वाळवणं. माझी आजी सहाणेवर बाळगुटी उगाळायची. मुरुडशेंगेचे दोन वेढे, वेखंडाचा अर्धा, हळकुंडाचा एक. वेढा म्हणजे सहाणेवर फिरवलेला एक फेरा. तेच तिचं माप. मोजताना ती कुणाशी बोलायची नाही आणि आम्ही कुणी मध्ये बोललो तर सहाण धुऊन पुन्हा सुरुवात करायची. जादूच्या वर्गातल्या कडक बाईंना हे जसंच्या तसं देता येईल : "डावीकडून तीन वेढे, आणि मध्ये बोलायचं नाही."

राहिलं विषयाचं नाव. वेळापत्रकात 'काढे' असं लिहिलेलं मलाही फिकं वाटतं. आयुर्वेद महाविद्यालयांत औषधं बनवण्याच्या विषयाला 'भैषज्यकल्पना' म्हणतात. इथे कल्पना म्हणजे तयार करण्याची रीत, पण मराठी कानाला त्यात दुसरा, आपला रोजचा अर्थही ऐकू येतो. शिवाय 'कल्प' घराघरांत आहे : शतावरी कल्प, कायाकल्प. म्हणून मी 'कल्पविद्या' सुचवते. विषय कल्पविद्या, शिकवणारे कल्पाचार्य, आणि हंड्यातल्या वस्तूला सरसकट एक नाव न देता कृतीप्रमाणे काढा, फांट, आसव, घुटी. विषावर जे द्यायचं त्याला 'अगद' किंवा सरळ 'उतारा'.

भाचीला 'कल्पविद्या' आवडलं, पण अदृश्य करणाऱ्या द्रवाला तिनं 'हिम' निवडलं. रात्रभर चांदण्यात भिजत ठेवायचं आणि उजाडायच्या आत गाळायचं, असं तिनं स्वतःच ठरवून टाकलं. आता तिला गाळायच्या फडक्यासाठी शब्द हवा आहे. आमच्याकडे 'गाळणं' किंवा 'वस्त्रगाळ करायचं फडकं' म्हणतात. तुमच्याकडे, विशेषतः कोकणात आणि विदर्भात, वेगळं काही म्हणत असतील तर जरूर सांगा.