मदत हवी आहे : ४१५ च्या पट्टीत खालचा आवाज विरतो

मी काउंटरटेनर, म्हणजे फॉल्सेटोत (पातळ, वरच्या आवाजात) गाणारा पुरुष. बोलण्याचा आवाज बॅरिटोन, म्हणजे मध्यम-खालचा. सध्या लंडनमध्ये. महिन्याभरात बरोक (साधारण १६०० ते १७५० च्या युरोपीय) गायनाच्या अभ्यासक्रमाची ऑडिशन आहे. हँडेलच्या 'रोडेलिंडा' या ऑपेरातलं (१७२५) 'दोवे सेई' हे गाणं बसवलंय. मूळ सेनेसिनो या आल्टो कास्त्रातोसाठी (लहानपणी खच्ची केल्याने आवाज वरच राहिलेला गायक) लिहिलेलं. घरच्या पियानोवर (ए हा स्वर ४४० हर्ट्झला, आजची नेहमीची पट्टी) व्यवस्थित जातं. परवा हार्पसिकॉर्डबरोबर (पियानोच्या आधीचं पट्ट्यांचं वाद्य) जुन्या संगीताच्या पट्टीत, ए = ४१५ ला गायलो, म्हणजे जवळपास अर्धा स्वर खाली, आणि खालच्या ओळीत फॉल्सेटो विरूनच गेला. तोंड उघडं, आवाज नाही! साथीदाराने सभ्यपणे पान उलटलं.

गुणगुणणं, वरून घसरत खाली येणं करून झालं. श्वास जास्त लावला तर नुसती हवा ऐकू येते. घसा तपासला, दोष नाही. वाद्य ४१५ लाच असणार, पट्टी बदलता येणार नाही. गाणंही आता बदलायचं नाही, यादी पाठवून झालीय. शिक्षक म्हणतात छातीच्या आवाजात (बोलण्याच्या, भरीव आवाजात) उतरायचंच नाही. मला ते पूर्ण पटत नाही.

४१५ वर गाणाऱ्यांनी सांगावं: दोन-तीन स्वरांपुरता छातीचा आवाज मिसळला तर परीक्षकांना चालतो का? आणि फॉल्सेटो व छातीचा आवाज यांच्यातला सांधा झाकायला नेमका कोणता रियाज करू?