'वन वीक'मधल्या आगगाडीच्या प्रसंगाला एवढं हसू का येतं?

प्रश्न
काल जेवणं झाल्यावर आठ वर्षांच्या लेकीला मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन याचा 'वन वीक' (1920) हा छोटा मूकपट दाखवला. नवं जोडपं (नवरा म्हणजे कीटनच) सुट्या भागांचं घर जोडायला घेतं. नवरीनं पूर्वी नाकारलेला एक जण खोक्यांवरचे आकडे बदलून ठेवतो आणि घर भलतंच वेडंवाकडं उभं राहतं. शेवटी ते ओढून नेताना रुळांवर अडकतं. गाडी धडधडत येते, दोघं बाजूला होतात, आणि गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते! लेक 'हुश्श' म्हणते न म्हणते तोच उलट दिशेनं दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते. तिनं तेवढाच तुकडा चारदा मागे नेऊन पाहिला, चारही वेळा पोट धरून हसली. पुढचं माहीत असूनही हसू का येतं? आणि घर खरं होतं का?

प्रतिसाद 1
खरंच बांधलेलं घर, खरीच गाडी. वादळात ते गरगर फिरतं ना, त्यासाठी घर फिरत्या चौथऱ्यावर उभारलं होतं.
हसण्याचं म्हणाल तर ताई, कॅमेरा कुठे ठेवलाय ते बघा. गाडी दुसऱ्या रुळावर आहे हे ती अगदी जवळ येईपर्यंत कळत नाही. तरी लपवाछपवी काही नाही. घर आणि गाडी एकाच चौकटीत दिसतात. तुकडे जोडून हा प्रसंग केला असता तर मला तरी इतका भावला नसता.

प्रतिसाद 2
शाळेत असताना बालनाट्यात माझ्याकडे पडण्याची कामं असायची. पडून लगेच प्रेक्षकांकडे पाहिलं की हशा तिथेच विरायचा. उठून कामाला लागलं की दुप्पट यायचा. कीटन तर लहानपणापासून आईवडिलांबरोबर रंगमंचावर. वडील त्याला उचलून फेकायचे. आपण हसलो तर लोक हसत नाहीत, हे तो तिथेच शिकला. म्हणून माझं उत्तर एकच: त्याचा चेहरा बघा.

प्रश्नकर्ती
आज पुन्हा पाहिला, फक्त त्याच्याकडे बघत. घराच्या ढिगाऱ्यावर तो 'विकणे आहे'ची पाटी लावतो, जोडणीची सूचनापत्रिकाही तिथेच ठेवतो आणि बायकोचा हात धरून चालू लागतो. लेक या वेळी हसली नाही. म्हणाली, "आई, त्याला राग कसा नाही आला?"