ज्यू, यहुदी, इस्राएल : शब्द कोणाच्या तोंडचा?

‘अँटिसेमिटिझम’ला मराठीत ‘सेमिटिकविरोध’ म्हणावे की ‘ज्यूद्वेष’, असा प्रश्न आपण विचारला आहे. एका शब्दात उत्तर द्यायचे तर ‘ज्यूद्वेष’ म्हणावे. परंतु युरोपातील ज्यूंच्या इतिहासावरील एका अनुवादित हस्तलिखिताचे मुद्रितशोधन करताना मी गेले काही महिने नेमका याच शब्दाशी झगडत असल्यामुळे, एका शब्दात उत्तर देऊन थांबणे मला जमणार नाही. त्या हस्तलिखितात पहिल्या प्रकरणात ‘सेमिटिकविरोध’, तिसऱ्यात ‘यहुदीविरोध’ आणि पुढे कुठे तरी ‘ज्यूंचा वंशविद्वेष’ असे रूप आले आहे. शेवटच्या रूपाचा अर्थ तर ज्यूच कोणाचा तरी द्वेष करतात असाही लागतो; षष्ठीने केलेला हा घोटाळा अनुवादकाच्या ध्यानात आला नव्हता.

‘सेमिटिक’ हे विशेषण बायबलमधील नोहाच्या मुलाच्या, शेमच्या नावावरून बनले आणि 1781 मध्ये श्लोझर या जर्मन विद्वानाने ते हिब्रू, अरबी, अरामी अशा परस्परांशी नाते असलेल्या भाषांसाठी वापरले. म्हणजे तो भाषाकुळाचा शब्द आहे, माणसांच्या जातीचा नाही. पुढे 1879 मध्ये विल्हेल्म मार या जर्मन पत्रकाराने बर्लिनमध्ये ‘अँटिसेमिटांचा संघ’ काढला आणि ‘अँटिसेमिटिझम’ हा शब्द प्रचारात आणला. त्याला नव्या शब्दाची गरज का भासावी, हे पाहण्यासारखे आहे. जर्मनमध्ये ‘युडेनहास’ हा जुना शब्द होताच, आणि त्याचा अक्षरशः अर्थ ‘ज्यूद्वेष’ असाच होतो. पण त्या शब्दाला चर्चचा वास होता. ज्यूने बाप्तिस्मा घेतला की तो जुना द्वेष निदान तत्त्वतः तरी संपायला हवा होता. मारला तर असा विरोध हवा होता की जो धर्म बदलून, भाषा बदलून किंवा चांगला नागरिक बनूनही टळणार नाही. त्यासाठी त्याने भाषाशास्त्रातला शब्द उचलून वंशाच्या अंगावर चढवला, आणि एका जुन्या आकसाला शास्त्राचा अंगरखा मिळाला.

म्हणून ‘सेमिटिकविरोध’ लिहिताना आपण नकळत मारच्या सोयीचे काम करतो, असे माझे मत आहे. ‘विरोध’ हा मराठीत बऱ्यापैकी सभ्य शब्द आहे. विरोध धरणाला असतो, विधेयकाला असतो, आणि विरोध करणाऱ्यापाशी काही कारण असेल असे आपण गृहीत धरतो. ‘द्वेष’ या शब्दात तशी सवलत नाही. शिवाय ‘सेमिटिकविरोध’ वाचून हमखास एक आक्षेप येतो, की अरबही सेमिटिक आहेत, मग अरब माणूस सेमिटिकविरोधी कसा असेल? हा आक्षेप सर्वस्वी त्या शब्दाच्या व्युत्पत्तीतून निघतो. तो शब्द घडल्या दिवसापासून कोणाविरुद्ध वापरला गेला, याच्याशी त्याचा काही संबंध नाही. ‘ज्यूद्वेष’ लिहिल्यास तो उद्भवतच नाही.

अडचण एकाच ठिकाणी येते. ‘एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस युडेनहासची जागा अँटिसेमिटिझमने घेतली’ अशा वाक्यात दोन्हींना ‘ज्यूद्वेष’ म्हटले, तर ज्यूद्वेषाची जागा ज्यूद्वेषाने घेतली असे होऊन बसते. अशा जागी मूळ दोन्ही शब्द देवनागरीत ठेवावेत आणि पहिल्याला ‘धर्मावर आधारलेला’, दुसऱ्याला ‘वंशावर आधारलेला ज्यूद्वेष’ अशी पुस्ती जोडावी. वाक्य लांबते, पण खरे राहते.

‘प्रेज्युडिस’साठी ‘पूर्वग्रह’ रूढ आहे आणि त्याबद्दल तक्रार नाही. (पहिल्या अक्षराला दीर्घ ऊकार असतो; ‘पुर्वग्रह’ हे रूप मी या आठवड्यात अकरा वेळा दुरुस्त केले आहे.) मात्र सगळीकडे तोच शब्द ओतू नये. गावातल्या कोणी एकाने ज्यू दुकानदाराविषयी ‘वाईट ग्रह करून घेतला’, दुसऱ्याने त्याचे ‘कान भरले’, तिसऱ्याच्या मनात ‘आकस’ होता. या छटा आपल्याकडे तयार आहेत. निर्दय सावकाराला ‘शायलॉक’ म्हणण्याची सवय मात्र सोडावी, कारण व्हेनिसच्या त्या नाट्यपात्राबरोबर त्याच्या धर्मावरचा शेराही आपल्या वाक्यात शिरतो, आणि आपल्याकडे सावकारांना नावे ठेवण्यासाठी शब्दांचा दुष्काळ कधीच नव्हता.

आता माणसांच्या नावांकडे येतो. ‘यहुदी’ आणि ‘ज्यू’ हे दोन्ही शब्द ‘यहुदा’ या एकाच नावाचे वंशज आहेत. पहिला अरबी-फारसीच्या वाटेने आला, दुसरा ग्रीक, लॅटिन, फ्रेंच आणि इंग्रजी असा लांबचा प्रवास करून. आजच्या मराठीत दोन्ही चालतात आणि दोन्हींत उपमर्द नाही. एका पुस्तकात एकच वापरावा, एवढेच पथ्य. खरा गोंधळ ‘इस्राएल’चा आहे. बायबलमधील लोक ते ‘इस्राएली’, आणि 1948 मध्ये स्थापन झालेल्या देशाचा नागरिक तो ‘इस्रायली’, असा फरक लेखनातच ठेवला तर बरे पडते, कारण आजच्या इस्रायली नागरिकांपैकी सुमारे एक पंचमांश अरब आहेत, तर जगातले असंख्य ज्यू इस्रायली नाहीत. वर्तमानपत्रे ‘इस्रायलींनी’ लिहितात तेव्हा त्यांना सरकार म्हणायचे असते, सैन्य म्हणायचे असते की ज्यू म्हणायचे असतात, हे वाचकाने ओळखायचे असते.

या शब्दाला महाराष्ट्रात आणखी एक, याहून जुना अर्थ आहे. अलिबागजवळच्या नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि त्यांच्यापासून आपला समाज वाढला, अशी परंपरा सांगणारे कोकणातले ज्यू स्वतःला ‘बेने इस्राएल’, म्हणजे इस्राएलची लेकरे, म्हणवतात. अलिबागेत ‘इस्राएल आळी’ आहे, आणि त्या नावाचा त्या देशाशी काही संबंध नाही. देश होण्याच्या कितीतरी आधीपासून कोकणात ‘इस्राएल’ म्हणजे शेजारी होते. किहीमचे ते किहीमकर किंवा केहिमकर, पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर. शेजाऱ्यांनी त्यांना ‘शनवार तेली’ हे दुसरे नाव दिले, कारण त्यांचा धंदा तेलाच्या घाण्याचा होता आणि शनिवारी त्यांचा घाणा बंद असे. या नावात धंदा आहे, वार आहे, पण धर्माचा उल्लेख नाही. गावाने जे डोळ्यांनी पाहिले त्यावरून नाव ठेवले, आणि गावगाड्यात त्यांना एक जागा नेमून दिली. द्वेष त्यात नाही. पण जात आहे, हे नाकारता येत नाही. म्हणून अनुवादात कोणी ‘शनवार तेली, म्हणजेच ज्यू’ असे लिहिले तर मी तेथे खूण करतो. तो त्यांना दिलेला शब्द आहे, त्यांचा नाही.

प्रार्थनास्थळाच्या बाबतीत तर मराठीने गंमतच केली आहे. सॅम्युअल इझिकेल दिवेकर यांनी, ज्यांना सामाजी हसाजी दिवेकर या नावानेही ओळखले जाते, 1796 मध्ये मुंबईत ‘शार हाराहामीम’ हे सिनेगॉग बांधले. बेने इस्राएल त्याला ‘जुनी मशीद’ म्हणत, आणि मस्जिद स्थानकाचे नाव त्यावरूनच पडले असे सांगितले जाते. इकडे पुण्याच्या लष्कर भागात डेव्हिड ससून यांनी बांधवलेले ‘ओहेल डेव्हिड’ हे लाल विटांचे सिनेगॉग साऱ्या पुण्याला ‘लाल देऊळ’ म्हणून ठाऊक आहे. एकाच धर्माचे प्रार्थनास्थळ मुंबईत मशीद आणि पुण्यात देऊळ! ख्रिस्ती अनुवादकांनी ‘सभास्थान’ हा शब्द घडवला तो अर्थाने अचूक आहे, पण तो पुस्तकातच राहिला. सर्वसाधारण लेखनात ‘सिनेगॉग’ वापरावे, आणि ‘मशीद’ किंवा ‘लाल देऊळ’ ही नावे जेथे प्रत्यक्ष लोकांच्या तोंडी आहेत तेथे ती दुरुस्त करण्याच्या फंदात पडू नये.

दिलेल्या आणि घेतलेल्या नावांतला हा फरक बेने इस्राएलांना पुढे फार महागात पडला. स्थलांतरानंतर इस्रायलमध्ये 1960 च्या दशकाच्या सुरुवातीला तेथील मुख्य धर्मपीठाने, इतर ज्यूंशी विवाह करू इच्छिणाऱ्या बेने इस्राएलांच्या वंशाची मागील पिढ्यांपर्यंत चौकशी करावी असे निर्देश काढले. ज्यांनी कोकणात पिढ्यान् पिढ्या शनिवार पाळला, त्यांना आपण ज्यू असल्याचे ज्यूंनाच पटवून द्यावे लागले. मोठे आंदोलन झाले, आणि 1964 मध्ये संसदेने ते सर्व बाबतींत ज्यू असल्याचे ठामपणे सांगितल्यावर धर्मपीठाने माघार घेतली. या प्रसंगाला ‘ज्यूद्वेष’ म्हणता येणार नाही. ‘वर्णभेद’ म्हणावे तर तो पूर्ण बसत नाही. मराठीत याला सर्वांत जवळचा शब्द ‘सोवळेओवळे’ आहे, असे मला वाटते. आणि याच समाजात एके काळी ‘गोरे इस्राएल’ आणि ‘काळे इस्राएल’ असा भेद पाळला जात असे, हेही त्याच पानावर लिहिले पाहिजे.

आपण प्रश्नासोबत पाठवलेल्या शब्दांच्या यादीत ‘डायस्पोरा’ही आहे. याचा ग्रीक अर्थ ‘विखुरणे’, आणि मुळाशी बी पेरण्याची कल्पना आहे. ‘विखुरलेला समाज’ हे भाषांतर योग्यच आहे, पण ‘परागंदा’ या शब्दाकडे आपले लक्ष वेधावेसे वाटते. फारसीत त्याचा अर्थ नेमका ‘विखुरलेला’ असाच आहे. मराठीत मात्र तो भीतीने किंवा हलाखीने गाव सोडून गेलेल्यांना लागू लागला. ‘दुष्काळात कुटुंब परागंदा झाले’ असे आपण म्हणतो. म्हणून न्यूयॉर्कमध्ये सुखाने नांदणाऱ्या ज्यूला ‘परागंदा’ म्हणता येत नाही, आणि 1881 नंतर रशियातून पळालेल्याला ‘स्थलांतरित’ म्हणणे अपुरे पडते, कारण स्थलांतर पक्षीही करतात आणि ऊसतोड मजूरही. ज्यू परंपरेचा स्वतःचा शब्द ‘गलुत’, म्हणजे मायभूमीपासून दूर राहावे लागणे, असा आहे. त्याला ‘वनवास’ म्हणण्याचा मोह होतो, पण आपल्या वनवासाला चौदा वर्षांची मुदत असते आणि शेवटी अयोध्या असते. गलुतला मुदत दिलेली नव्हती. ‘हद्दपारी’त तर शिक्षा सुनावणारे न्यायालय उभे राहते.

‘रेफ्यूजी’साठी ‘निर्वासित’ आणि ‘शरणार्थी’ हे दोन शब्द आपण समानार्थी म्हणून वापरतो. एक शब्द मागचे दार सांगतो, दुसरा पुढचे. मे 1939 मध्ये हॅम्बुर्गहून निघालेल्या ‘सेंट लुई’ जहाजावर 937 प्रवासी होते, बहुतेक सारे ज्यू. क्युबातील हवानाने मोजक्यांना उतरू दिले, अमेरिकेने कोणालाच नाही, आणि जहाज युरोपला परतले. ते निर्वासित होते, शरणार्थीही होते. आश्रित मात्र कोणी होऊ दिले नाही.

उलट दिशेच्या प्रवासाला हिब्रूत ‘अलिया’ म्हणतात, म्हणजे ‘वर चढणे’, आणि इस्रायल सोडून जाण्याला ‘येरिदा’, म्हणजे ‘खाली उतरणे’. कोकणी माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही, कारण तो घाटावर ‘वर’ जातो आणि देशावरचा माणूस ‘खाली’ कोकणात उतरतो. फरक इतकाच की आपल्या वरखालीत चढण आहे आणि त्यांच्या वरखालीत पुण्यही आहे. पण ‘अलिया’चे भाषांतर ‘वर जाणे’ असे करू नये. हस्तलिखितात ‘1950 च्या दशकात कोकणातील अनेक कुटुंबे वर गेली’ असे वाक्य आले होते, आणि ते वाचून मला त्या कुटुंबांची काळजी वाटली.

‘पोग्रोम’ला ‘दंगल’ म्हणू नये, कारण दंगलीत दोन बाजू असतात. 1903 मध्ये रशियन साम्राज्यातील किशिनेव्ह येथे ज्यूंविरुद्ध जे झाले ते हल्ला आणि कत्तल होते. ‘घेटो’ तसाच ठेवावा; व्हेनिसने 1516 मध्ये ज्यूंना ओतशाळेच्या बेटावर कोंडले, तेथून तो निघाला. ‘होलोकॉस्ट’चा मूळ अर्थ ‘होमात पूर्ण जाळलेला बळी’ असल्याने अनेक ज्यूंना तो खटकतो, कारण त्यात बळी कोणाला तरी अर्पण केल्यासारखे होते. त्यांच्यापैकी पुष्कळजण ‘शोआ’, म्हणजे ‘विध्वंस’, म्हणतात. लेखक जो वापरतो तो ठेवावा.

राहता राहिला ‘नेशन’. डिसेंबर 1789 मध्ये फ्रेंच राष्ट्रीय सभेत क्लेरमाँ-तोनेर हा सदस्य म्हणाला, त्याचा आशय असा, की ज्यूंना ‘नेशन’ म्हणून सारे नाकारावे आणि व्यक्ती म्हणून सारे द्यावे. येथे ‘राष्ट्र’ लिहिले की मराठी वाचकाला झेंडा आणि सीमा दिसतात. वक्त्याला मात्र स्वतःचे न्यायाधीश आणि नियम असलेली ‘जमात’ म्हणायची होती. उलट ज्यूंच्या स्वतंत्र देशाचा पुरस्कर्ता थिओडोर हर्झल याच्या 1896 मधील ‘युडेनश्टाट’ या पुस्तकात सीमाच अभिप्रेत आहे, आणि तेथे ‘ज्यू राज्य’ म्हटले तर महाराष्ट्र राज्य आठवते. मी ‘ज्यूंचे राज्य’ सुचवले, कारण त्या षष्ठीने ‘पेशव्यांचे राज्य’मधला सत्तेचा अर्थ परत येतो, ‘स्वराज्य’ मोहक आहे, पण तो आपला इतिहास बरोबर घेऊन येतो.

सर्वांत अवघड जागा सोव्हिएत पारपत्राची. त्यात, आणि नोकरीच्या माहितीपत्रकाच्या पाचव्या रकान्यात, नागरिकत्वाहून वेगळी ‘नात्सिओनाल्नोस्त’ नोंदलेली असे, आणि तेथे ‘ज्यू’ लिहिले की नोकरीची आणि विद्यापीठाची अनेक दारे बंद होत. अनुवादकाने तेथे ‘राष्ट्रीयत्व : ज्यू’ लिहिले होते. मी ‘राष्ट्रीयत्व’ खोडून ‘वंश’ लिहिले, मग तो मारचा शब्द वाटून खोडला, मग ‘जात’ लिहिले, आणि ते सर्वांत अचूक वाटल्यामुळेच धास्ती वाटून खोडले. सध्या तेथे पेन्सिलीने फक्त ‘पाचवा रकाना’ लिहिलेले आहे. आपल्यापैकी कोणाला शब्द सुचत असल्यास जरूर कळवावा.