झर्क्सीसचा होड्यांचा पूल: नमुना कसा करावा?

खानापूरकर: बेळगावच्या शालेय प्रदर्शनात इराणचा राजा झर्क्सीसच्या इ.स.पू. ४८०च्या ग्रीस मोहिमेतला हेलेस्पाँटचा (आजची डार्डानेल्स सामुद्रधुनी) पूल दाखवायचाय. नावा आडव्या की उभ्या?

निपाणीकर: प्रवाहाच्या दिशेनं. पुरात मलप्रभेत नाव आडवी धरली तर काय होतं, तेच तिथं. ग्रीक इतिहासकार हेरोडोटस दोन पूल सांगतो: एकात ३६० नावा, दुसऱ्यात ३१४. प्रत्येकावर सहा दोर, दोन जवसाच्या धाग्याचे, चार पपायरसचे (इजिप्तमधली लव्हाळ्यासारखी वनस्पती). ते काठावरच्या लाकडी रहाटांनी ताणायचे. वर फळ्या, मग झुडपं-काटक्या, मग माती चोपून. दोन्ही बाजूंना कुंपण पाहिजेच. पाणी दिसलं की जनावरं बुजतात. छोट्या नावांना जायला फटी ठेवा, हे बरेच जण विसरतात.

खानापूरकर: राजानं समुद्राला फटके मारले तो हाच पूल का वो?

निपाणीकर: नव्हे, आधीचे पूल वादळात मोडले तेव्हा. ३०० फटके, शिवाय बांधकामप्रमुखांची मुंडकी उडवली. फटक्यांची गोष्ट ग्रीकांनी रंगवलेली वाटते.

चिकोडीचा वाचक: सैन्य १७ लाख लिहू नका बघा. हेरोडोटसचाच आकडा, पण एवढ्यांना दाणापाणी पुरवणं अशक्य. ग्रीसमधल्या सलामिस बेटापाशी आरमार हरल्यावर राजा परतला, तेव्हा हे पूलही वादळानं मोडलेले होते. सैन्य नावांतून पार झालं.