हप्ता पाच हजारांनी कमी, पण कुणाच्या खिशातून?

एकांनी लिहिलंय की २० ऐवजी ३० वर्षांचं गृहकर्ज घेतलं तर हप्ता पाचेक हजारांनी हलका होतो, मग काय वाईट? आकडाच मांडतो. ५० लाख, ८.५ टक्के. २० वर्षांना हप्ता साधारण ४३,४०० आणि एकूण व्याज ५४ लाख. ३० वर्षांना हप्ता ३८,४५०, व्याज मात्र ८८ लाखांच्या वर. म्हणजे महिन्याच्या त्या पाच हजारांच्या सवलतीपायी ३४ लाख जादा.

२० वर्षांच्या कर्जातही पहिल्या हप्त्यातले ३५,४०० व्याजातच जातात, मुद्दलातून जेमतेम आठ हजार वजा होतात.

आणि फ्लोटिंग, म्हणजे अधूनमधून बदलणारा व्याजदर! मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो; तो वाढला की आपलाही वाढतो) ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला, तेव्हा कित्येकांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत मात्र गुपचूप लांबली. वरच्याच कर्जात सुरुवातीलाच दर ९.५ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० चे जवळपास ३०९ हप्ते होतात. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलंय की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ग्राहकाला विचारायला हवं. बँकेचा मेसेज न वाचता पुसू नका.

वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड नाही. बोनस आला की थोडं मुद्दलात भरा, आणि 'हप्ता तोच, मुदत कमी' असं लेखी द्या.